कास्टिंगमध्ये जावं का? आतल्या कुणी सांगेल का खरं काम काय असतं?

क्लॅपनंतर:

नमस्कार मंडळी. तीन वर्षं सहाय्यक दिग्दर्शक म्हणून काम करतोय. गेल्या चित्रपटात कास्टिंग बघणारा मुलगा मध्येच सोडून गेला. पाच आठवडे कॅमेरा, नावांची यादी आणि ऑडिशनची खोली माझ्या गळ्यात पडली. वैतागायला हवं होतं, पण खरं सांगायचं तर सेटपेक्षा तिथेच जास्त रमलो.

आता एका कास्टिंग डायरेक्टरनी विचारलंय, येतोस का म्हणून. घरी सांगितलं तर पहिला प्रश्न आला, "म्हणजे लोकांची नावं लिहून घ्यायची?" मलाही धड उत्तर देता आलं नाही. नायक-नायिका निर्माता ठरवतो, शेवटचा शब्द दिग्दर्शकाचा, मग मधल्या माणसाने नक्की निवडायचं काय? शिकायचं कुठे? आणि दहा वर्षांनी माणूस कुठे पोचतो? या कामात असलेलं कुणी असेल तर मोकळेपणाने लिहा. घाबरवलंत तरी चालेल.

रिटेक:

घाबरवतोच. बारा वर्षं सेटवर आहे. मोठी नावं आधीच ठरलेली असतात. उरलेल्या पन्नास-साठ जणांना फोन करायचे, तारखा जुळवायच्या, आदल्या रात्री कुणी गळालं की शिव्या खायच्या. सिनेमा चालला तर दिग्दर्शकाची नजर भारी. पडला तर "कास्टिंगच चुकलं". नाव कधी येतं? लोक खुर्चीतून उठून चपला शोधत असतात तेव्हा. सहाय्यक दिग्दर्शकच राहा, निदान पुढची पायरी दिसते तरी.

चौथी रांग:

रिटेक, निम्मं पटलं. चपला शोधण्याचं तर शंभर टक्के. पण "फोन करायचे" या दोन शब्दांत तुम्ही माझी एकोणीस वर्षं गुंडाळलीत, म्हणून लिहिते.

क्लॅपनंतर, आधी तुझ्या शंकेचं. हो, निवड दिग्दर्शकच करतो. मी आजवर एकही भूमिका "दिलेली" नाही. पण दिग्दर्शक कुणातून निवडतो? मी समोर ठेवलेल्या चार-पाच जणांतून. त्या चार-पाचांत कोण असावं, कोणत्या क्रमाने दाखवावं, आणि दिग्दर्शकाच्या डोक्यात मुळीच नसलेला एक जण त्यात घुसवावा की नाही, हे सगळं आमच्याकडे. मॅरियन डॉहर्टी हे या धंद्यातलं फार मोठं नाव. १९८७ च्या 'लीथल वेपन'च्या वेळी तिने दिग्दर्शक रिचर्ड डॉनरला एका मुख्य भूमिकेसाठी डॅनी ग्लोव्हर हा कृष्णवर्णीय नट सुचवला. ते पात्र कृष्णवर्णीय असल्याचं संहितेत कुठेही नव्हतं, म्हणून डॉनर क्षणभर अडखळला. ती म्हणाली, नसल्याचं तरी कुठे लिहिलंय? तो विषय तिथेच संपला. लेखकाने न लिहिलेल्या जागा वाचणं, हे आमचं काम.

आता रोजचं. संहिता आली की पहिल्या वाचनात मी पेन हातात घेत नाही. दुसऱ्या वाचनात बोलणारं प्रत्येक पात्र वेगळं काढते, अगदी एका ओळीचा पहारेकरीसुद्धा. त्याला ब्रेकडाउन म्हणतात, तुला माहीतच असेल. लेखक लिहितो "वय ४५, रागीट." यावर काही शोधता येत नाही. मग मी लेखकाला छळते. हा कुणापुढे गप्प बसतो? याला कुणी हसलं तर काय होतं? त्याच्या उत्तरातून माणूस दिसायला लागतो.

मग ऑडिशनसाठी कोणता सीन द्यायचा ते ठरवायचं. नवे लोक हमखास रडारडीचा किंवा भांडणाचा सीन काढतात. तो देऊ नये. रडायला पुष्कळांना येतं. समोरच्याचं ऐकायला फार थोड्यांना येतं, आणि कॅमेऱ्याला तेच दिसतं. म्हणून ज्यात नटाला ओळी कमी आणि ऐकणं जास्त, असा सीन काढायचा.

त्यावरून माझीच फजिती सांगते. हे काम मला तिथे कळलं.

चौथं-पाचवं वर्ष असेल. वडिलांची भूमिका, तीनच सीन, पण सिनेमा त्यांच्यावर तोललेला. ऑडिशनचा सीन एवढाच: बाप काहीतरी दुरुस्त करत बसलाय, मुलगी दारात येऊन म्हणते, "मी उद्या जातेय." तो म्हणतो, "बरं." बस्स. कॅमेऱ्यामागून मुलीची ओळ मी वाचत होते. या कामाला आम्ही क्यू देणं म्हणतो.

दोन दिवसांत एकेचाळीस जण येऊन गेले. त्यात चांगले, मुरलेले नट होते. आणि एकेचाळीसच्या एकेचाळीस जणांचं "बरं" तिरकं. कुणी फटकारून म्हणालं, कुणी टोमणा मारल्यासारखं, कुणी मान न वर करता दात आवळून. दिग्दर्शकाला हवा होता न भांडणारा बाप. मी निर्मात्याला कळवून टाकलं की या वयात असा नट मिळत नाहीये, वय खाली आणू.

रात्री टेप्स कापत बसले होते. कंटाळा आला म्हणून चित्र बंद करून नुसता आवाज लावला. तेव्हा पहिल्यांदा स्वतःला ऐकलं. मी ती ओळ "मी *उद्या* जातेय" अशी वाचत होते, आव्हान दिल्यासारखी. दिवसभराचा शीण, त्यात खोली तापलेली, सगळं त्या ओळीत उतरलं होतं. पुढ्यात अशी मुलगी उभी राहिली तर कुठलाही बाप तसंच "बरं" म्हणेल. नट चुकत नव्हते. माझं ऐकून मला नेमकं उत्तर देत होते. ज्यांना मी बाद करत होते ते खरं तर उत्तम ऐकणारे होते!

त्यातल्या नऊ जणांना परत बोलावलं. क्यू द्यायला माझ्या सहाय्यक मुलीला बसवलं आणि सांगितलं, काहीही करू नकोस, नुसतं सांग. नऊ वेगळी "बरं" मिळाली. एकाने दुरुस्तीचा हात थांबवला, "बरं" म्हणाला आणि पुन्हा काम सुरू केलं, पण स्क्रू उलट्या बाजूला फिरवायला लागला. त्याने ते ठरवून केलं नव्हतं, नंतर विचारलं तर त्याला आठवतही नव्हतं. भूमिका त्याला मिळाली.

तेव्हापासून माझ्याकडे नवीन येणाऱ्याला सहा महिने कॅमेरा देत नाही. आधी क्यू द्यायला बसवते. सपाट वाचायचं नाही, अभिनयही करायचा नाही, आणि दिवसातल्या पस्तिसाव्या माणसालाही पहिल्याइतकंच खरं द्यायचं. हे जमलं तर बाकीचं येतं. न जमणारे पुष्कळ असतात आणि ते फोन छान करतात, रिटेक म्हणतात तसे.

क्लॅपनंतर:

ताई, हे वाचून मी माझ्या पाच आठवड्यांच्या टेप्स काढल्या. नुसता आवाज ऐकला. मी सगळ्या ओळी बातम्या दिल्यासारख्या वाचल्यात. निम्म्या लोकांची मनातल्या मनात माफी मागितली.

दोन प्रश्न अजून. एवढे लोक लक्षात कसे ठेवता? आणि नाही कसं म्हणता? मला तेच सगळ्यात जड गेलं.

चौथी रांग:

लक्षात राहत नाहीत. लिहावं लागतं. डॉहर्टीची सुरुवात टीव्हीच्या थेट प्रक्षेपित नाटकांच्या काळातली. भेटलेल्या प्रत्येक नटाचं एक कार्ड ती ठेवायची, त्यावर दोन-चार शब्दांचा शेरा. जॉन व्हॉइटला तिनेच टीव्ही मालिकेत एक काम दिलं होतं आणि ते साफ फसलं होतं. तरी पुढे 'मिडनाइट काउबॉय'च्या वेळी तिने त्याचंच नाव लावून धरलं. मला या गोष्टीत नटापेक्षा तिचं जास्त कौतुक वाटतं. एकदा आपल्याला तोंडघशी पाडणाऱ्या माणसाचं नाव परत पुढे करायला धाडस लागतं, आणि त्याच्यात नक्की काय पाहिलं होतं ते स्वतःला पक्कं ठाऊक असावं लागतं.

माझं साधं एक्सेल आहे. पण त्यात "चांगला", "ठीक" असले शब्द लिहायला बंदी आहे. वर्षाने ते वाचून काहीही डोळ्यासमोर येत नाही. काय लिहायचं ते सांगते. "खोटं बोलताना आवाज गोड होतो." "उंच आहे पण उंची लपवतो." "बसला की वय वाढतं." असला शेरा दहा वर्षांनीही माणूस उभा करतो. वजन, केस, वय बदलतं. या गोष्टी सहसा बदलत नाहीत.

नाही म्हणण्याबद्दल. लोकांना वाटतं आम्ही वाईट नटांना नाकारतो. वाईट नट पहिल्या दिवशीच गळतात, त्यांचा त्रास नसतो. शेवटी उरलेले चौघेही उत्तम असतात आणि तिघांना जावं लागतं. कारण बहुधा अभिनयाशी संबंध नसलेलं. बहिणीचं काम करणारी ठरली आणि हिचा चेहरा तिच्याशी जुळेना. दोन पुरुष पात्रांचे आवाज एकाच पट्टीतले निघाले. तारखा भिडल्या. तेव्हा फोन करायचा, स्वतः करायचा आणि छोटा करायचा. "या वेळी नाही. तुमचं काम आवडलं होतं, म्हणून मी फोन करतेय." आवडलं नसेल तर दुसरं वाक्य म्हणायचं नाही. लोकांना खोटं लगेच कळतं, ते नट आहेत.

आणि एक, हे तुला नोकरी देणाऱ्याकडेही तपासून घे. ऑडिशनचे पैसे नटाकडून घ्यायचे नसतात. नोंदणी, पोर्टफोलिओ, वर्कशॉप, कुठल्याही नावाखाली नाही. आम्हाला पैसे निर्माता देतो. भेट कामाच्या जागी, दार उघडं, खोलीत तिसरं माणूस. लहान मुलाचं ऑडिशन असेल तर पालक सोबत. यात ढिलाई दिसली तर पहिल्या आठवड्यात बाहेर पड, कारणं देत बसू नकोस. या क्षेत्राचं नाव ज्यांनी खराब केलं त्यांची किंमत आम्ही बाकीचे रोज मोजतो. नवी मुलगी खोलीत आली की आधी दार कुठे आहे ते बघते. मी ते पाहते आणि मला लाज वाटते, काही केलेलं नसताना.

वेटिंगलिस्ट:

मी पलीकडच्या बाजूचा. आठ वर्षं ऑडिशन देतोय. चौथी रांग, तुमचं वाचून बरं वाटलं. (कुठलं "बरं" ते तुम्हीच ठरवा.)

आमची बाजू एवढीच. क्यू देणारा एका हाताने मोबाइल चाळत असतो. माझी ओळ संपली हे त्याला शांततेवरून कळतं. एकदा तर मी मुद्दाम चुकीची ओळ म्हटली, तरी त्याने पुढचा क्यू दिला. आणि ते "कळवतो". कळवत कुणीच नाही. तुमच्यासारखा फोन आठ वर्षांत मला तीनदा आलाय, आणि ते तिघेही मला अजून आठवतात.

विचारायचं होतं, आम्ही घरूनच चित्रित करून पाठवलेली सेल्फ टेप पूर्ण बघता का? खरं सांगा.

चौथी रांग:

खरं सांगते. एका भूमिकेला दोनशे टेप्स आल्या तर प्रत्येक शेवटपर्यंत बघितली जात नाही. हा माणूस *या* भूमिकेचा नाही, हे पहिल्या अर्ध्या मिनिटात पुष्कळदा कळतं. पण हा चांगला नट आहे की नाही ते तेवढ्यात कळत नाही. गल्लत तिथे होते. म्हणून मी "या भूमिकेला नाही" आणि "नाही" असे दोन वेगळे रकाने ठेवते. पहिल्या रकान्यातली टेप दुसऱ्या दिवशी पुन्हा, पूर्ण बघते. पुढच्या चित्रपटाचे निम्मे लोक तिथेच सापडतात.

तुमच्या उपयोगाचं एक. आम्ही दुसरा टेक मागतो तेव्हा पहिला वाईट होता असं समजू नका. वाईट असता तर धन्यवाद म्हणून मोकळे झालो असतो. "आता हेच हसत हसत करा" म्हटलं की हसण्याशी देणंघेणं नसतं. सूचना दिली की तुम्ही बदलता का, एवढंच बघायचं असतं. पुष्कळ जण घरी घोटून आणलेलंच पुन्हा करतात, फक्त दात दाखवून.

मोबाइल चाळणाऱ्याबद्दल काय बोलू! तो माझ्याकडे असता तर त्याला दिवसभर ऑडिशन द्यायला लावलं असतं, आणि क्यू देणाऱ्याच्या हातात मोबाइल दिला असता.

रिटेक:

बरं (माझं तिरकंच समजा), मुद्दा मान्य. पण श्रेयाचं काय? कॅमेरा, संकलन, वेशभूषा, सगळ्यांना पुरस्कार. यांना काय?

चौथी रांग:

उशिरा का होईना, मिळायला लागलंय. लिन स्टॉलमास्टर या माणसाचं नाव १९६८ च्या 'द थॉमस क्राउन अफेअर'मध्ये सुरुवातीच्या श्रेयनामावलीत स्वतंत्र पाटीवर आलं, तीच केवढी मोठी गोष्ट मानली गेली. त्याला मानद ऑस्कर मिळालं २०१६ मध्ये, आणि ऑस्कर मिळालेला तो पहिला कास्टिंग डायरेक्टर. मधली अठ्ठेचाळीस वर्षं मोजा. ऑस्कर अकादमीत कास्टिंगवाल्यांची वेगळी शाखा झाली २०१३ मध्ये. स्वतंत्र पुरस्काराची घोषणा २०२४ मध्ये, आणि तो लागू २०२५ साली प्रदर्शित झालेल्या चित्रपटांपासून. ब्रिटनच्या बाफ्टाने २०२० पासूनच द्यायला सुरुवात केली होती.

गंमत म्हणजे अमेरिकेत पडद्यावर बहुधा "कास्टिंग बाय" असंच येतं, कारण "डायरेक्टर" या शब्दावर तिथल्या दिग्दर्शकांच्या संघटनेचा हक्क. मला स्वतःला या शब्दाचं काही वाटत नाही. पण पैसे टप्प्याटप्प्याने मिळतात आणि शेवटचा हप्ता बहुतेक वेळा चित्रपट प्रदर्शित होईपर्यंत लोंबकळतो, त्याचं वाटतं. एका निर्मितीसंस्थेकडे माझा हप्ता अजून अडकलाय. नाव लिहीत नाही, त्यांच्या पुढच्या चित्रपटात मला रस आहे.

दहा वर्षांनी कुठे पोचतो, हे क्लॅपनंतरने विचारलं होतं. काही जण बाहेर पडतात. तिग्मांशू धुलियांनी 'बँडिट क्वीन'चं कास्टिंग केलं आणि पुढे दिग्दर्शक झाले. मुकेश छाब्राही २०२० मध्ये दिग्दर्शनात उतरले. अभिषेक बॅनर्जी कास्टिंग करता करता पडद्यावर आले. दोनशे वेळा तोच सीन दोनशे माणसांकडून ऐकलास की सीन कुठे लंगडतो ते लेखकाच्या आधी तुला कळतं, त्यामुळे वाटा फुटतात. माझ्यासारखे काही जण तिथेच राहतात. मला सेट आवडत नाही. तिथे फार लोक असतात.

क्लॅपनंतर:

सोमवारपासून रुजू होतोय. त्यांनी कॅमेरा देतो म्हटलं होतं, मीच म्हणालो आधी क्यू देतो. ते जरा चमकले.

काल सराव म्हणून एका मित्राची सेल्फ टेप केली, क्यू मी दिला. ओळ नीट वाचली असं मला वाटत होतं. टेक झाल्यावर मित्र म्हणाला, "सगळं ठीक रे, पण मी बोलत असताना तू खाली कागदात पुढची ओळ शोधत होतास."

चौथी रांग:

ओळ पाठ कर. तुझी नाही, त्याची.

वेटिंगलिस्ट:

क्लॅपनंतर, तुमच्याकडे चाळिशीतल्या, बसला की वय वाढणाऱ्या माणसाची भूमिका निघाली तर कळवा. खरंच कळवा म्हणजे झालं.